न्हाणीत लाकडी पट्ट्यांचा पाट



ज्या घरात पाच वेळा वजू होतो, त्या घरातली न्हाणी दिवसभर ओलीच असते. पूर्वी आपल्या माळशिरस भागात न्हाणीत बिनपॉलिशची शहाबादी फरशी असे. ती खरबरीत, त्यामुळे पाय धरून ठेवायची. आता गुळगुळीत टाइल्स आल्या. त्यांवर साबणाचे पाणी आणि बोअरच्या जड पाण्याचा पांढरा थर बसला, की फजरच्या वेळी दादीचा पाय कधी घसरेल सांगता येत नाही. उतारवयात खुब्याचे हाड मोडले, तर बहुधा ऑपरेशनच करावे लागते आणि चालते-फिरते माणूस अंथरुणाला खिळते. सगळ्या टाइल्स उखडणे प्रत्येकाला परवडत नाही. लाकडी पट्ट्यांचा पाट मात्र गावातला सुतार सहज करून देईल.

ही कल्पना नवी नाही. मय्यतीच्या गुस्लसाठी मशिदीत ठेवलेला लाकडी तख्ता आठवा. पाणी खाली निघून जावे म्हणून त्याच्या फळ्यांत फटी ठेवतात. शाम, मिसर आणि तुर्कस्तानच्या हम्मामांत ओल्या संगमरवरावर लोक उंच लाकडी खडावा घालत. अरबीत त्यांना कबकाब म्हणतात. जपानी न्हाणीघरातही पट्ट्यांचा पाट असतो, त्याचे नाव सुनोको. पाय पाण्याच्या वर राहावा आणि पाणी खालून वाहावे, एवढाच यामागचा विचार.

लाकूड सागाचेच घ्यावे. सागात नैसर्गिक तेल असते, म्हणून पाणी आणि वाळवी त्याला लवकर बाधत नाहीत. चंद्रपूर-गडचिरोलीचे सागवान नावाजलेले, पण महाग. त्यापेक्षा जुन्या वाड्याची मोडकी चौकट मिळाली तर उत्तम. ते लाकूड वर्षानुवर्षे मुरलेले असते. आधी त्यातले खिळे तेवढे काढून घ्यावेत. बैलगाडीची बाभूळही चालते, पण पूर्ण वाळलेली हवी, नाहीतर पट्ट्या पिळतात. प्लायवूड आणि पॅकिंगच्या पेट्यांचे लाकूड पाण्यात लवकर खराब होते.

सुताराला या गोष्टी आवर्जून सांगा. पट्टी दोन इंच रुंद आणि पाऊण इंच जाड असावी. दोन पट्ट्यांमधली फट एक सेंटिमीटरपेक्षा कमी ठेवावी, म्हणजे लहान मुलांची बोटे किंवा काठीचे टोक अडकणार नाही. खालचे दांडके मोरीच्या उताराच्या दिशेने बसवावेत. आडवे बसवले तर पाणी तुंबते. दांडक्यांखाली रबराचे तुकडे लावावेत, म्हणजे पाट सरकत नाही. स्क्रू स्टीलचे घ्यावेत आणि खालच्या बाजूने बसवावेत. लोखंडी स्क्रू गंजतो आणि लाकडावर काळे डाग पडतात. कडा गोल घासून घ्याव्यात.

पाट भिंतीपासून भिंतीपर्यंत भरलेला हवा. पावसाळ्यात लाकूड फुगते, म्हणून कडेला अर्धा इंच जागा सोडावी. मधेच ठेवलेल्या छोट्या पाटाच्या कडेला ठेच लागते आणि माणूस पडायचे ते पडतेच. दार आत उघडत असेल तर पाटाची उंची आधी मोजा. संडास-न्हाणी एकत्र असेल तर पाट फक्त आंघोळीच्या बाजूला ठेवा. अख्खा पाट मात्र एकसंध करू नका. दोन तुकडे करा, म्हणजे उचलता येतो.

व्हार्निश लावू नये. त्याच्याखाली पाणी शिरले की पापुद्रे सुटतात. बाजारात मिळणारे उकळलेले जवसाचे तेल फडक्याने पातळ चोळावे, जास्तीचे पुसून घ्यावे आणि पूर्ण वाळल्यावर दुसरा हात द्यावा. पट्ट्यांच्या कापलेल्या टोकांना तेल जरा जास्त पाजावे, पाणी तिथूनच जास्त शिरते. शेंगदाण्याचे तेल वाळत नाही, चिकट होते. एक सावधगिरी फार महत्त्वाची: जवसाच्या तेलाचे फडके चुरगाळून कोपऱ्यात टाकू नका. ते आपोआप तापून पेट घेऊ शकते. पाण्यात भिजवा किंवा बाहेर मोकळे पसरून वाळवा.

पाट करणे एकदाचे, राखणे रोजचे. इशानंतर दोन्ही तुकडे भिंतीला उभे करावेत. आठवड्यातून एकदा खालची बाजू ब्रशने घासावी, नाहीतर तिथे बुळबुळीत शेवाळ धरते आणि पाट टाइल्सइतकाच घसरडा होतो. टाइल्सना अ‍ॅसिड लावताना पाट आधी बाहेर काढावा. वाळवायला सावलीतला वारा पुरे. आपल्याकडच्या एप्रिलच्या उन्हात ओले लाकूड तडकते. महिन्यातून एकदा हात फिरवून सल निघाली आहे का आणि स्क्रू ढिला झाला आहे का ते पाहावे. एखादी पट्टी काळी, मऊ पडली असेल तर तेवढीच बदलावी.

आता प्रश्न हा, की रोज उचलायचे कोणी? बहुतेक घरांत हे काम न सांगता सूनबाईच्या वाट्याला जाते. तिच्या कामात आणखी एकाची भर पडली, की चार दिवसांत पाट तिथेच पडून कुजू लागतो. घरातल्या मुलांनी आणि पुरुषांनी हे काम वाटून घ्यावे. वर्गातली मुले बाके उचलतात, तसा दहा-बारा वर्षांचा मुलगा पाटाचा एक तुकडा सहज उचलेल. दादीसाठी आपण काहीतरी करतो, हे त्याला रोज कळेल.

पाटाबरोबर भिंतीला पक्की मूठ आणि न्हाणीत चांगला दिवा हवाच. या रविवारी एवढे करा: न्हाणीची लांबी, रुंदी आणि दाराखालची उंची मोजून कागदावर लिहा आणि तो कागद सुताराकडे न्या.