‘आंबो’ अशुद्ध आहे काय?

गेल्या पावसाळ्याच्या आरंभीं आमच्या पांचवीच्या वर्गांत एक लहानशी गोष्ट घडली. ती आमच्याच चुकीची आहे. तरी ती सांगितल्यावांचून या लेखाचा हेतु वाचकांच्या ध्यानांत यावयाचा नाहीं. ‘पहिला पाऊस’ या विषयावर मुलांस तोंडी बोलावयास सांगितलें होतें. एक मुलगा मोठ्या उत्साहानें उभा राहिला आणि म्हणाला, “वारो इलो नि आंबो पडलो.” आम्हीं त्यास तेथेंच थांबविलें व म्हटलें, “हें अशुद्ध आहे. ‘वारा आला आणि आंबा पडला’ असें म्हण.” वर्ग हंसला. मुलगा खालीं बसला, आणि त्यानंतर सहामाही परीक्षेपर्यंत त्यानें आपण होऊन एकदांही हात वर केला नाहीं.

तेव्हांपासून आम्ही स्वतःस विचारीत होतों कीं, त्यानें अशुद्ध असें काय केलें होतें?

‘आंबो’ हा शब्द ‘आंबा’ बिघडून झालेला नाहीं. संस्कृतांतील ‘घोटक’ प्राकृतांत ‘घोडओ’ झाला. त्यांतील शेवटच्या दोन स्वरांचा देशावर ‘आ’ झाला आणि लोक ‘घोडा’ म्हणूं लागले. आपल्याकडे ‘ओ’ झाला आणि ‘घोडो’ म्हणूं लागले. गुजराथेंत व मारवाडांतही ‘घोडो’च आहे, आणि त्यांस कोणी अशुद्ध म्हणत नाहीं. आंब्याची कथा हीच. ‘आंबा’ आणि ‘आंबो’ हीं एका आईचीं दोन लेंकरें. त्यांतलें एक शाळेंत गेलें व दुसरें घरीं राहिलें, इतकेंच.

शिवाय घरीं राहिलेल्या या लेंकरास शिस्त नाहीं असेंही नव्हे. मालवणींत झिल ‘इलो’, बायल ‘इली’, परंतु चेडू ‘इलां’. या तीन लिंगांत चुकणारें मूल मालवणच्या किनाऱ्यावर सांपडावयाचें नाहीं, आणि हा नियम त्यास कोणीं फळ्यावर लिहून दिलेला नाहीं. सर जॉर्ज ग्रिअर्सन यांनीं हिंदुस्थानांतील भाषांची जी पाहणी केली, तिच्या १९०५ सालीं निघालेल्या मराठीच्या खंडांत या बोलीस ‘कुडाळी’ या नांवानें जागा मिळाली, डॉ. अ. मा. घाटगे यांनीं १९६५ सालीं तिजवर स्वतंत्र ग्रंथ सिद्ध केला. ती मराठीची बोली कीं कोंकणीची, हा विद्वानांचा तंटा आहे व त्यांत आम्ही पडत नाहीं. ज्या बोलीसाठीं तंटे होतात ती नुसती बोबडी मराठी नव्हे, एवढें पुरे.

मग भाषा येते कोठून? प्रश्न फार जुना आहे. त्यावर इतके तर्क लढविले गेले कीं, पॅरिस येथील भाषाशास्त्र मंडळानें १८६६ सालीं आपल्या नियमांतच लिहून ठेविलें, या विषयावरील निबंध स्वीकारले जाणार नाहींत. कोणी म्हणे, मनुष्य प्रथम पशुपक्ष्यांच्या आवाजाचें अनुकरण करूं लागला. कावळ्याचें नांव पाहा. कोणी म्हणे, अनेकांनीं मिळून जड काम करतांना जो घोष निघतो तेंच पहिलें बोलणें. या दुसऱ्या मताची परीक्षा आपल्या किनाऱ्यावर घेतां येते. रापण ओढतांना दोन्हीं अंगांस माणसें दोरास लागतात, एका सुरांत ओरड होते, आणि त्या सुरावर सर्वांचे पाय एकदम वाळूंत रोंवले जातात. परंतु ती ओरड दोर हातांत असेपर्यंतच. जाळें वर आलें, मासळीचे वाटे पडले, आणि कोणी म्हातारा रापणकर समुद्राकडे पाहून म्हणतो, “फाल्या रापण घालूची नाय.” या चार शब्दांत ‘उद्यां’ आहे, जो अजून उगवलेला नाहीं, आणि ‘नाय’ आहे, म्हणजे जें घडणारच नाहीं त्याविषयींचें बोलणें आहे. माकड ओरडून समोरचें भय दाखवितें. उद्यांचें भय त्यास दाखवितां येत नाहीं. ओरडीपासून या वाक्यापर्यंत मनुष्य कसा पोंचला, तें कोणींच पाहिलेलें नाहीं.

त्या वाटेचा एक तुकडा मात्र आपल्या काळांत दृष्टीस पडला. मध्य अमेरिकेंतील निकाराग्वा देशांत १९७७ सालापासून बहिरीं मुलें मोठ्या संख्येनें मानाग्वा शहरीं शाळेंत एकत्र येऊं लागलीं. तोंपर्यंत तीं आपापल्या घरीं एकटीं, चार खुणांवर निभावणारीं. शाळेंत त्यांस ओठ पाहून स्पॅनिश समजण्याचें शिक्षण दिलें जाई व तें फारसें साधलें नाहीं. पण मुलें आपसांत हातांनीं बोलूं लागलीं. मागाहून आलेल्या लहानग्यांनीं त्या खुणा उचलल्या, त्यांस क्रम दिला, नियम लाविले, आणि थोड्याच वर्षांत व्याकरण असलेली एक नवी हस्तभाषा उभी राहिली. ती कोणा पंडितानें रचली नाहीं. उलट आपल्या अकबर बादशहानें कांहीं तान्हीं मुलें मुक्या दायांजवळ कोंडून ठेविलीं होतीं. १५८२ सालीं तो पाहावयास गेला, तों एकाच्याही तोंडून शब्द निघेना. भाषेस माणसांची, त्यांतही मुलांची, संगत लागते.

घरांतलें तीन वर्षांचें मूल ‘मीं काम करलें’ म्हणतें तेव्हां आपण हंसतों. परंतु ‘धर’चें ‘धरलें’, ‘भर’चें ‘भरलें’, तर ‘कर’चें ‘करलें’ कां नव्हे? हें रूप त्यानें कोणा वडील माणसाच्या तोंडून ऐकलेलें नसतें. तें त्यानें नियम शोधून बनविलेलें असतें. ही जी मुलाची शक्ति, तिलाच आम्हीं त्या दिवशीं वर्गांत ‘अशुद्ध’ म्हटलें.

१९८० सालीं गंगाराम गवाणकर यांचें ‘वस्त्रहरण’ रंगभूमीवर आलें, आणि मच्छिंद्र कांबळी यांनीं त्याच्या हजारों प्रयोगांतून मालवणी घरोघर पोंचविली. आम्हीही पोट धरून हंसलों. परंतु तेव्हांपासून कित्येकांची समजूत झाली आहे कीं मालवणी म्हणजे हंसण्यापुरती भाषा. तुफानांत होडी परतली नाहीं म्हणजे रात्रभर किनाऱ्यावर जें बोलणें चालतें तेंही हिच्यांतच चालतें.

कित्येक पालक मुलास आजीशींसुद्धां मालवणींत बोलूं देत नाहींत. पुढें मुंबईस निभाव कसा लागेल अशी भीति त्यांस वाटते. ती अगदींच खोटी नाहीं. निबंधांत ‘आंबो’ लिहिला तर गुण जातील, व ते आम्हीच कापूं, कारण लिहिण्याची भाषा साऱ्या महाराष्ट्रास समान हवी. फादर थॉमस स्टीफन्स यांनीं आपलें ‘क्रिस्तपुराण’ मराठी ओंव्यांत रचलें, तें १६१६ सालीं छापलें गेलें; पण गोव्याच्या लोकांच्या नित्याच्या बोलीचें व्याकरणही त्यांनींच लिहिलें, जें त्यांच्या पश्चात् १६४० सालीं रायतूर येथें निघालें. एकीसाठीं दुसरीस त्यांनीं घराबाहेर काढलें नाहीं. ‘लिहितांना असें लिहितात’ हें मुलास सांगणें निराळें, आणि ‘तुझी आई चुकीचें बोलते’ हें सांगणें निराळें.

दिवाळीनंतर आम्हीं त्याच वर्गांत ‘घोडओ’ची हकीकत सांगितली, व आपली चूकही कबूल केली. थोडा वेळ सारीं गप्प होतीं. मग मागच्या बांकावरून त्या मुलाचा हात वर आला. “सर, मगे आदी घोडो काय घोडा?”

आम्हीं सांगितलें, दोन्हीही नव्हेत. प्रश्न मालवणींत होता, उत्तर मराठींत दिलें गेलें, आणि वर्गांत कोणी हंसलें नाहीं.