घोड्याचे चिलखत आणि चोरीचा खेळ

मंडणगड तालुक्यातल्या कितीतरी घरांची नाळ मुंबईशी जोडलेली आहे. गणपती-शिमग्याला येणारा चाकरमानी १९९० च्या दशकात मिठाईच्या पुड्याबरोबर व्हिडिओ गेमची कॅसेटही आणू लागला. वेष्टनावर शेकडो खेळांचा दावा. प्रत्यक्षात 'मारिओ', 'काँट्रा' असे पाच-दहाच फिरून फिरून येत. हे खेळ निंटेंडो आणि कोनामी या जपानी कंपन्यांचे आणि कॅसेट नकली, हे आमच्या गावीही नव्हते. अस्सल माल बाजारात दिसतच नसे. मग नकलेला नक्कल म्हणणार कोण?

कायदा मात्र होता. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९८४ साली संगणक प्रोग्रॅम आले. चोरीचा प्रोग्रॅम जाणूनबुजून वापरणे हाही १९९४ च्या दुरुस्तीने गुन्हा ठरला.

आज 'मिळत नाही' ही सबब उरलेली नाही. 'स्टीम' या इंटरनेटवरच्या दुकानात २०१५ पासून रुपयांत किंमत दिसते. पण मोठ्या नव्या खेळाला तीन-चार हजार रुपये मोजूनही तो पुरा हाती येईलच असे नाही. नव्या मोहिमा, पात्रे, पोशाख यांचे पैसे वेगळे. २००६ साली 'ऑब्लिव्हियन' या खेळात घोड्याच्या चिलखताचे अडीच डॉलर मागितले, तेव्हा खेळाडूंनी केवढा गहजब केला! आज तीच रीत झाली आहे. मोबाइलवरचा खेळ फुकट, आणि त्यातल्या बंदुकीच्या रंगाला पैसे.

ही गिऱ्हाइकाची अडवणूक आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. तरीही तिच्यावर चोरी हा उतारा नव्हे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या चमूने २०२० साली 'राजी' हा खेळ काढला. हरवलेल्या भावाला शोधणाऱ्या मुलीची ती गोष्ट आहे. अशा खेळाची चोरटी प्रत बलाढ्य परदेशी कंपनीला नव्हे, आपल्याच मुलांच्या कष्टाला लुबाडते. शिवाय चोरट्या प्रतीबरोबर व्हायरसही घरात शिरू शकतो. आणि ज्या फोनवर मुलगा खेळतो, त्याच फोनवर वडिलांचे बँकखाते असते.

मग करावे काय? खेळ जुना झाला की किंमत उतरते. तेवढी कळ काढावी. आतल्या खरेदीला पासवर्डचे कुलूप घालावे. आणि मुलाने पैसे मागितले, तर नुसते डाफरू नये. त्या पैशांत नेमके काय मिळते, हे त्याच्याकडूनच समजून घ्यावे. हिशेब स्वतः मांडू लागलेले मूल पुष्कळदा घोड्याला चिलखताविनाच दौडवते.