कापसाच्या भावातून आलेली लढाई

गेल्या हिवाळ्यात अमरावतीत एका व्याख्यानाला गेले होते. वक्ते अभ्यासू, बोलणं ओघवतं, सभागृह भरलेलं. विषय होता युद्धकाळातलं सामान्य माणसाचं जगणं. बोलता बोलता त्यांनी आमचा निकाल लावून टाकला. म्हणाले, वऱ्हाडानं युद्ध पाहिलेलंच नाही. इथे बॉम्ब पडला नाही, रणगाडा फिरला नाही, कुणी घरदार सोडून पळालं नाही. १९६२ची लढाई महिनाभराची, १९६५ची जेमतेम तीन आठवड्यांची, १९७१ची तर दोन आठवड्यांचीसुद्धा नाही. तेवढ्यात वऱ्हाडानं खिडक्यांना काळे कागद चिकटवले, सोमवारचा उपास केला, रेडिओभोवती गर्दी केली आणि त्या गमतीच्या आठवणी जन्मभर सांगितल्या. बेचाळीस साली जे घडलं ते स्वातंत्र्यलढ्याच्या खात्यात जमा, महायुद्धाशी त्याचा संबंध नाही. तेव्हा ‘युद्धात वाढलो’ असं लंडनच्या माणसानं म्हणावं, कोलकात्याच्या, अमृतसरच्या माणसानं म्हणावं. अकोल्या-अमरावतीच्या माणसानं म्हणू नये. लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझे हात उठले नाहीत.

बॉम्ब पडला तरच युद्ध आलं, ही मोजपट्टी वऱ्हाडाला लावायची असेल तर आधी वऱ्हाडाचं पीक माहीत हवं. आमच्याकडे लढाई कापसाच्या भावातून येते, आणि ती पहिल्यांदा आली तेव्हा या वक्त्यांचे पणजोबाही जन्मले नसतील. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी सुरू झाली. दक्षिणेकडच्या बंदरांची नाकेबंदी झाली, लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेना आणि लिव्हरपूलच्या व्यापाऱ्यांची नजर वऱ्हाडाच्या काळ्या मातीवर पडली. आमच्या कापसाचं व्यापारातलं नाव ‘उमरा’, ते उमरावतीवरून, म्हणजे आजच्या अमरावतीवरूनच पडलेलं. चार वर्षं भाव चढत राहिले. ज्वारीच्या रानात पऱ्हाटी शिरली. शेतकऱ्यानं वाढत्या भावाच्या भरवशावर सावकाराकडून उचल घेतली. १८६५ मध्ये तिकडची लढाई संपली आणि इकडचा भाव कोसळला. कर्ज मात्र कोसळलं नाही. अमेरिकेत कोण कुणाशी लढतंय, हे अंजनगाव-दर्यापूरच्या शेतकऱ्याला ठाऊक नव्हतं. पण ती लढाई त्याच्या सातबाऱ्यापर्यंत आली होती. १८६७ मध्ये बडनेऱ्यावरून नागपूरपर्यंत रेल्वे पोचली. मग तर सात समुद्रांपलीकडच्या प्रत्येक भांडणाला वऱ्हाडात यायला सरळ रस्ताच मिळाला.

दुसरं महायुद्ध याच वाटेनं आलं. माझी आजी दर्यापूरकडची, खारपाणपट्ट्यातली. त्या भागात विहिरीचं पाणी खारं, म्हणून सगळी भिस्त पावसावर, ज्वारीवर आणि आखूड धाग्याच्या कापसावर. आखूड धाग्याच्या कापसाचं मोठं गिऱ्हाईक होतं जपान. १९४१च्या जुलैत जपानशी व्यवहार गोठवले गेले, डिसेंबरात जपान लढाईत उतरला आणि ते गिऱ्हाईक एका फटक्यात गेलं. पुढच्या वर्षी सरकारनं ‘अधिक धान्य पिकवा’ अशी मोहीम काढली. कापूस कमी पेरा, असं सांगणं आलं. कापूस मातीमोल झाला आणि त्याच काळात कापडाचे भाव कित्येक पटींनी वाढले, कारण गिरण्या लष्कराचं कापड विणत होत्या. १९४३ मध्ये कापडावर नियंत्रण आलं, पुढे मोजून-मापून लुगडं मिळू लागलं. ज्या बाईनं जन्मभर कापूस वेचला, तिला अंगावरचं लुगडं मधोमध फाडून, काठ आत घेऊन पुन्हा शिवावं लागलं. दंड घातलेलं लुगडं, असा शब्द आहे त्याला. आजी सांगायची की त्या दोन वर्षांत घरातल्या दोघी जावांमध्ये बाहेर नेसण्याजोगं लुगडं एकच होतं. एकीला बाजाराला जायचं असलं की दुसरी घरात थांबायची. तिचं एक वाक्य मला पाठ आहे: “लढाई तिकडं दूर हाये म्हन्तेत, मंग घासलेट काऊन नाई भेटत?” या प्रश्नाचं उत्तर त्या वक्त्यांनी द्यावं. दिवा घासलेटाविना विझला असेल, तर त्या घरात युद्ध आलं होतं की नव्हतं?

माझ्या शाळेतल्या मैत्रिणींजवळ पितळेच्या डबीत भोकाचे पैसे असायचे, आम्ही ते दोऱ्यात ओवून खेळायचो. तो भोकाचा पैसा १९४३चा. धातू लढाईकडे वळला म्हणून नाण्याच्या मधलं तांबं काढून घेतलेलं. आमच्या गळ्यातल्या त्या माळा महायुद्धाच्याच होत्या, हे मला पन्नाशीत कळलं.

बेचाळीसचं म्हणाल, तर यावलीत आणि बेनोड्यात गोळीबारात माणसं पडली ती महायुद्धाच्या ऐन मध्यावर, युद्धासाठीच केलेल्या भारत संरक्षण कायद्याच्या अमलात. ती दोन खाती वेगळी करणं इतिहासाच्या पुस्तकात सोपं असेल, त्या गावात नाही.

आणि सैनिक गेलेच नाहीत का इथून? १९४१ मध्ये बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली, तिची दुसरी पलटण कामठीला. विदर्भातल्या कितीतरी वस्त्यांत त्यानंतर मनीऑर्डरीची वाट पाहिली गेली.

आता दिवसांचा हिशेब. १९६२ची लढाई महिनाभराची, हे खरं. पण त्या लढाईसाठी २६ ऑक्टोबर १९६२ला पुकारलेली आणीबाणी उठली जानेवारी १९६८ मध्ये. तोफा थांबल्यावरही पाच वर्षं ती चालू होती. तेव्हा जन्मलेलं मूल ती उठेपर्यंत शाळेत जायच्या वयाचं झालं होतं. १९७१ची लढाई १६ डिसेंबरला संपली, तिची आणीबाणी मार्च १९७७ पर्यंत राहिली. त्याच लढाईच्या आधीपासून, १५ नोव्हेंबर १९७१ पासून, बहुतेक टपालावर निर्वासितांसाठी पाच पैशांचं जादा तिकीट लावावं लागे, ते मार्च १९७३ पर्यंत. माझा मोठा भाऊ तेव्हा नागपूरला शिकायला होता. आई दर आठवड्याला पत्र लिहायची, ती पंधरवड्याला लिहू लागली. तेरा दिवसांची लढाई आमच्या घरात सव्वा वर्ष टिकली.

सोमवारच्या उपासाला त्यांनी गंमत म्हटलं, त्याचा मला सर्वांत जास्त राग आला. १९६५ मध्ये मी आठ वर्षांची होते. शास्त्रीजींनी सोमवारी एक वेळचं जेवण सोडायला सांगितलं आणि आमच्या घरी ते मनापासून सोडलं गेलं. वडील आम्हा मुलांनाही त्यात धरायचे, आणि मला त्याचा अभिमान वाटायचा. पण आमच्याकडे निंदायला येणारी बाई एका सोमवारी आईला म्हणाली, “माय, आमी तं रोजच एका टायमाचं जेवतो, आमी काय सोडावं?” आईनं तिला भाकर दिली आणि स्वतः काही बोलली नाही. त्या वर्षी पाऊसही दगा देऊन गेला होता. ज्यांना ही गंमत वाटते, त्यांच्या घरी त्या वर्षी धान्याची कणगी भरलेली असणार.

इथे एक जुना वाद आठवतो. वीसेक वर्षांपूर्वी एका परिसंवादात मी १९६२च्या सोन्याबद्दल बोलले होते. बायकांनी संरक्षण निधीला पाटल्या दिल्या, मंगळसूत्रं दिली. माझ्या आईनं एक पाटली दिली, दुसरी ठेवली. तेव्हा एका इतिहासकारानं मला उभ्यानं सुनावलं की या भावनिक गोष्टी आहेत, यांना पुरावा नाही. मी त्यांना विचारलं होतं, पुरावा म्हणजे पावतीच ना? पावती आईनं जपून ठेवली होती. आणि पावतीच्या पुढची गोष्ट तर कुणी विचारलीच नाही. जानेवारी १९६३ मध्ये सुवर्ण नियंत्रण आलं. चौदा कॅरेटपेक्षा चोख सोन्याचे नवे दागिने घडवायला बंदी झाली. देशभर लाखो कारागिरांचा धंदा बसला. आमच्या गल्लीतल्या सोनारकाकांनी आधी दुकानाची एक फळी लावली, मग दुसरी. त्यांचा मुलगा माझ्या भावाच्या वर्गात होता. सातवीनंतर तो वर्गात दिसला नाही, जिनिंगमध्ये कामाला लागला. त्याच्यावर कुणी गोळी झाडली नव्हती. पण त्याची शाळा चीनच्या लढाईतच संपली, आणि हे मी आजही तितक्याच ठामपणे म्हणते.

शेवटचा मुद्दा: लढाई इथून दूर आहे, हा. वर्धा नदीच्या एका काठाला अमरावती जिल्हा आणि दुसऱ्या काठाला पुलगाव, देशातल्या सर्वांत मोठ्या दारूगोळा भांडारांपैकी एक. ३१ मे २०१६च्या पहाटे तिथे आग लागली, स्फोट झाले, अधिकारी, जवान आणि अग्निशमन दलाची माणसं गेली. भोवतालच्या गावांतले लोक अंधारात घरं सोडून पळाले. तेव्हा तर कुठली लढाईही चालू नव्हती.

माझं म्हणणं थोडकं आहे. लंडनच्या, अमृतसरच्या माणसांनी जे भोगलं त्याच्याशी आमची बरोबरी मी करत नाही. तसं कुणी करू नये. पण घरात तेल किती, लुगडी किती, पत्रं किती आणि शाळेत जाणारी पोरं किती, हे दूरच्या लढाईनं ठरवलं असेल, तर ती माणसं युद्धात वाढली, असंच म्हणावं लागतं. हा हिशेब आमच्याकडे बायकांनी ठेवला. तो त्यांनी वहीत लिहिला नाही, म्हणून तो व्यासपीठावरून पुसता येतो.

माझी आई गेली. तिच्या बरोबरीच्या बायका आता नव्वदीत आहेत, दर्यापूरला, मूर्तिजापूरला, अचलपूरला, कदाचित तुमच्याच घरात. या दिवाळीला गावी जाल तेव्हा त्यांच्याजवळ तासभर बसा. बासष्टला अंगावरचं काय दिलं, पासष्टला घरात धान्य किती होतं, पत्र कुणाला लिहायचं राहिलं, ते विचारा. आणि नावगावासकट लिहून ठेवा.