कॅमेरा खाली ठेवायचा कोणी?

फराळाच्या ताटापुढे युद्ध कशाला, असे वाचक म्हणतील. पण परवा एका स्नेह्यांकडे ‘फॉर समा’ हा २०१९ चा अनुबोधपट पाहिला. तो संपताच एक गृहस्थ म्हणाले, “ही आई म्हणायची? तान्ही पोर घेऊन वेढ्यात जाते, आणि वर चित्रे घेत बसते!” चौघांनी माना डोलावल्या. मी डोलावली नाही.

वआद अल-कतीब सीरियातल्या अलेप्पोत शिकत होती. २०११ चा उठाव झाला आणि ती मोबाईलवर डोळ्यांपुढचे टिपू लागली. पुढे तिने डॉक्टर हमझाशी लग्न केले. २०१६ च्या प्रारंभी समा जन्मली. त्याच वर्षी तुर्कस्थानात आजारी सासऱ्यांना भेटून दोघे मुलीसह परतली. हमझाचे रुग्ण तिथेच होते ना! ते चुकले का, हे ती स्वतःच समाला विचारते. सारा पट म्हणजे लेकीला दिलेला जबाबच आहे. आमच्या गृहस्थांनी मात्र बाँब टाकणाऱ्यांबद्दल अवाक्षर काढले नाही. चिरफाड काय ती आईची!

कॅमेरा खाली ठेवला असता, तर इस्पितळांवर बाँब पडले हे कोणाच्या तोंडून कळले असते? बाँब टाकणाऱ्यांच्या?

पटात एक प्रसंग आहे. जखमी आईच्या पोटातून काढलेले मूल निपचित पडले आहे. डॉक्टर त्याला चोळतात, थोपटतात, उलटे धरतात. आणि कितीतरी वेळाने ते रडते. तेव्हा गृहस्थांच्या हातातला चहा निवत होता. हे मी पाहिले आहे.