काळावर पहारा

आपल्या पुराणांत रैवत राजाची कथा आहे. कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हें विचारण्याकरितां तो तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. तेथें गायन चाललें होतें म्हणून क्षणभर थांबला. आणि विचारतो तों पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें उलटून गेलेलीं! राजा काळांतून पुढें गेला खरा, पण काळाला त्यानें हात लावला नाहीं. पाश्चात्त्य कल्पनाकथांत मात्र काळाला हात लावणारीं यंत्रें निघालीं आहेत. त्यांपैकीं एका यंत्राची हकीकत या महिन्यांत वाचकांपुढें ठेवावयाची आहे. कारण ती वरकरणी यंत्राची असली, तरी तिचें मर्म प्रत्येक नांदत्या घराला लागू पडणारें आहे.

आयझॅक अ‍ॅसिमोव्ह (१९२०–१९९२) या अमेरिकन लेखकाची 'दि एंड ऑफ इटर्निटी' ही कादंबरी १९५५ सालीं प्रसिद्ध झाली. तींत चोविसाव्या शतकांत कालक्षेत्राचा शोध लागतो आणि सत्ताविसाव्या शतकांत 'इटर्निटी', म्हणजे 'शाश्वती', नांवाची संस्था काळाच्या बाहेर उभी राहते. तिचे सेवक एका वाहनांत बसून शतकामागून शतकें ओलांडतात. त्या वाहनाला ग्रंथकारानें 'केटल', म्हणजे किटली, असें घरगुती नांव दिलें आहे. एवढ्या खटाटोपाला शक्ति कोठून आणावयाची? तर सूर्य अखेरीस स्फोट पावतो, त्या दूरच्या भविष्यांतून! आजचें ज्योतिःशास्त्र सांगतें कीं, आपल्या सूर्याचा तसा स्फोट व्हावयाचा नाहीं. सुमारें ५ अब्ज वर्षांनीं तो फुगून तांबडा राक्षसी तारा बनेल व पुढें आकसून श्वेत बटु होईल. पण कथेपुरतें तें सोडून देऊं.

संस्थेचा हेतु उदात्त आहे. मनुष्यजातीचें दुःख कमी व्हावें म्हणून तिचे विद्वान इतिहासाचें गणित मांडतात आणि अल्पांत अल्प फेरफारानें अधिकांत अधिक हित साधतात. कथानायक अँड्र्यू हार्लन हा २२३ व्या शतकांत एका यंत्राशीं किंचित् ढवळाढवळ करितो. त्यामुळें एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला मुकतो, पुढें सौरशक्तीच्या विद्येकडे वळतच नाहीं, एक साधें उपकरण दहा वर्षें लांबणीवर पडतें, आणि २२४ व्या शतकांतलें युद्ध इतिहासांतून नाहींसें होतें! उभा जन्म शाळेंत घालविलेल्या माझ्यासारख्याला हें वाचून आनंद व्हावा कीं भय वाटावें, तें कळेना. युद्ध टळलें हें उत्तम. पण त्या मुलाची विद्या गेली, आणि त्याला तें कधीं कळलेंही नाहीं.

या कृपेचा परिणाम शेवटीं काय होतो? जें जें धोक्याचें, तें तें पुसलें जातें; अंतराळांत झेप घेण्याचे प्रयत्नही पुनःपुन्हां पुसले जातात. फार उशीरां मनुष्य ताऱ्यांपर्यंत पोंचतो, तों तेथें इतर जीवांनीं आधींच वस्ती केलेली. मग तो घरीं परततो, उमेद गमावतो आणि कालांतरानें नामशेष होतो. हें भविष्य जाणणारी नॉयस नांवाची स्त्री हार्लनला सत्य सांगते, आणि १९३२ सालीं येऊन पोंचलेलीं तीं दोघें ती संस्था मुळांतच होऊं देत नाहींत. याची किंमतही ग्रंथकार लपवीत नाहीं. जो पहिला अणुस्फोट तिसाव्या शतकांत व्हावयाचा, तो आतां १९४५ सालींच होतो. हिरोशिमा आणि नागासाकी येथें त्या सालीं काय घडलें, हें वाचकांस सांगावयास नको. स्वातंत्र्याच्या बाजूनें दिलेला हा कौल स्वस्त नाहीं.

आतां घराकडे वळूं. एकत्र कुटुंबांत वडीलधाऱ्यांजवळ अशी किटली नसते, पण फेरफार करण्याचा अधिकार असतो. 'इतक्या लांब नको', 'हा विषय सोड, तो घे', 'आणखी एक वर्ष थांब', हीं वाक्यें मायेपोटींच निघतात, आणि पुष्कळदां तीं योग्यही असतात. लहान मूल विहिरीच्या कांठीं गेलें तर त्याला मागें ओढावेंच लागतें. अडचण इतकीच कीं, टळलेलें संकट आपण जमेस धरतों. परंतु मुलाच्या हातून जें घडलें असतें व आपण घडूं दिलें नाहीं, त्याची नोंद घरांतल्या कोणत्याच वहींत होत नाहीं.

कादंबरींतले ते पहारेकरी ज्यांचें आयुष्य बदलतात, त्यांना एका शब्दानें विचारीत नाहींत. आपणांस विचारतां येतें. मूल त्याच घरांत, त्याच पंक्तीला बसलेलें असतें. 'तुला तेथें जाऊन काय करावयाचें आहे?' एवढें विचारावें आणि उत्तर संपेपर्यंत मध्यें बोलूं नये. त्यानंतरही 'नको' म्हणण्याचा अधिकार आपला राहतोच. पण मग तें 'नको' ऐकून घेतल्यानंतरचें असेल.