अविश्वासाचे अठरा दिवस

जनता पक्षाचे सरकार तीन वृद्धांच्या हट्टापायी बुडाले, असे आपल्याकडे इतक्या वेळा सांगितले गेले आहे की, त्या व्यवहारात विरोधी पक्षांचाही हात होता याचा विसर पडावा. मोरारजी, चरणसिंग, जगजीवनराम यांच्या महत्त्वाकांक्षा मी नाकारीत नाही. परंतु त्या पक्षातील भांडण केवळ खुर्चीचे नव्हते. जनसंघातून आलेल्यांनी राष्ट्रीय स्वयंसेवक संघाशी नाते ठेवावे की नाही, हा मधु लिमये यांनी लावून धरलेला प्रश्न तत्त्वाचा होता. त्याचे उत्तर काहीही असो, तो देशासमोर उघडपणे लढविला जाण्याच्या योग्यतेचा होता.

विरोधकांनी काय केले? यशवंतराव चव्हाण १० जुलै १९७९ रोजी पुन्हा विरोधी पक्षनेते झाले आणि दुसऱ्याच दिवशी त्यांनी अविश्वासाचा ठराव मांडला. इथवर ते कर्तव्यच. सत्ताधारी पक्षातून माणसे गळू लागली आणि मतदानापूर्वीच, १५ जुलैला, मोरारजींनी राजीनामा दिला. २८ जुलैला चव्हाण चरणसिंगांच्या मंत्रिमंडळात उपपंतप्रधान! अवघ्या अठरा दिवसांत. ज्या सरकारवर अविश्वास, त्याचाच अर्थमंत्री एकाएकी विश्वासार्ह कसा ठरला? विरोधी पक्षनेत्याला कायद्याने मान आणि वेतन दिले होते ते याच जनता राजवटीने, १९७७ साली. विनोद म्हणावा, तर फार कडू आहे.

इंदिरा गांधींची रीत अधिक सरळ, म्हणूनच अधिक निर्दय. आधी पाठिंबा देऊन फूट पक्की करायची, मग ऐन वेळी तो काढून घ्यायचा. २० ऑगस्टला चरणसिंग लोकसभेला सामोरे न जाताच पायउतार झाले. सव्वा महिन्यात दोन मंत्रिमंडळे गेली. सभागृहात मते मात्र एकदाही मोजली गेली नाहीत.

तडा गेलेली भिंत विरोधकांनी सावरून धरावी काय, असे कोणी विचारील. मुळीच नाही. पाडावी; पण मतदानाने पाडावी, आणि तिच्याच विटांनी आपली ओसरी बांधू नये. पुढे १९८५ च्या पक्षांतरबंदीने एकट्यादुकट्या सदस्याचे तोंड बांधले. घाऊक व्यवहाराला एक-तृतीयांश फुटीची पळवाट २००३ पर्यंत मोकळीच होती.

जानेवारी १९८० मध्ये इंदिरा काँग्रेस ३५३ जागा जिंकून परतली. संघाशी नात्याचा तो प्रश्न मात्र जिथल्या तिथेच होता. त्यावरूनच उरलासुरला जनता पक्ष एप्रिलमध्ये पुन्हा फुटला.