टक्केवारी पायाची की पोटाची?

रस्त्यावरील अपघातात जीव वाचला की माणूस दैवाचा, असे आपण सहज म्हणून जातो. परंतु हातापायाने अधू होऊन घरी परतलेल्या कर्त्या माणसाची खरी परवड त्यानंतरच सुरू होते. त्याच्या हानीचे मोल रुपयांत ठरविण्याचे अवघड काम मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे असते. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या १६८ व्या कलमाने त्यास ‘न्याय्य’ वाटेल ती भरपाई देण्याचा अधिकार दिला आहे. हा एक शब्द न्यायाधिकरण कसे वाचते, यावर एखाद्या कुटुंबाचे उभे आयुष्य अवलंबून असते.

औषधोपचार, ने-आण, पौष्टिक आहार व उपचारकाळात बुडालेली मजुरी यांचा हिशेब बहुधा पावत्या व तारखांवरून लागतो. यातना आणि जीवनसुखाची हानी यांचे मोल अदमासानेच करावे लागते. खरा वाद असतो तो भावी कमाईच्या हानीचा. वार्षिक उत्पन्नास वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणावयाचे आणि कमाईची क्षमता जितके टक्के घटली असेल तितकी रक्कम द्यावयाची, अशी ही रीत आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली सरला वर्मा खटल्यात हे गुणक निश्चित केले. पंचविशीपर्यंतच्या तरुणास १८, तर सत्तरीकडे झुकलेल्यास ५.

घोळ होतो तो टक्केवारीत. वैद्यकीय मंडळाचा दाखला शरीराचे अपंगत्व सांगतो, कमाईचे नव्हे. २०१० साली राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा भेद निःसंदिग्ध शब्दांत मांडला. डावा हात गमावलेला सुतार वा वाहनचालक आणि तोच हात गमावलेला सरकारी कारकून यांचे शारीरिक नुकसान सारखे असले, तरी पहिल्याची रोजी जाते, दुसऱ्याची बहुधा टिकते.

हाच न्याय आपल्या गोमंतकास लावून पाहावा. माडावर चढणारा बत्तीस वर्षांचा एखादा पाडेली महिना १५,००० रुपये मिळवितो, असे समजू. अपघातानंतर त्याचा गुडघा वाकत नाही आणि दाखल्यावर ४० टक्के अपंगत्व लिहिले जाते. त्याच्या वयास गुणक १६, म्हणजे २८,८०,००० रुपये. भावी उत्पन्नवाढीची भर बाजूस ठेवली, तरी दाखल्याचा आकडा तसाच उचलल्यास त्याच्या हाती ११,५२,००० रुपये येतात. परंतु जो माडावर पुन्हा कधीच चढू शकणार नाही, त्याचा धंदा ४० टक्के बुडाला असे कोण म्हणेल? बैठे किरकोळ काम जमेस धरून हानी ८० टक्के मानली, तर तीच रक्कम २३,०४,००० होते. हा फरक दयेचा नाही, वस्तुस्थितीचा आहे.

मागाल तसे दाखले मिळतात आणि त्यांचा भार अखेर विमा हप्ता भरणाऱ्या सर्वांवर पडतो, हा विमा कंपन्यांचा आक्षेप अगदीच निराधार नाही. असे तयार दाखले सावधपणे तपासावेत, असे त्याच निकालात न्यायालयानेही बजावले आहे. मात्र यावर उपाय सरसकट कपातीचा नव्हे, चौकशीचा आहे. उपचार करणाऱ्या वा तपासणाऱ्या डॉक्टरची साक्ष घ्यावी. त्यास कामाच्या व्यापामुळे येणे अशक्य असेल, तर आयुक्त नेमून ती नोंदवावी. न्यायाधिकरणाने मूक प्रेक्षक राहू नये, ही त्या निकालाची शिकवण आहे.

वकिलांनीही केवळ दाखला जोडून स्वस्थ बसू नये. पाडेल्याजवळ वा मोटारसायकल पायलटाजवळ पगारपत्रक कोठून असणार? ज्याच्या बागायतीत तो माड चढत असे, त्या भाटकारास साक्षीस आणावे. अपघातापूर्वी हा माणूस काय करीत होता, आज त्यास काय करता येते आणि उद्या कशावर पोट भरणार, या तीन प्रश्नांची उत्तरे निकालपत्रात स्पष्टपणे उमटली पाहिजेत. ती नसतील, तर आकडेमोड कितीही बिनचूक असली, तरी त्या भरपाईस न्याय्य म्हणता येणार नाही.